नोकरी सोडून जपानमध्ये ॲक्शन ॲक्टर व्हायचंय, पण २९ म्हणजे उशीरच ना?

पत्र थोडक्यात: वय २९, मूळचा सातारा जिल्ह्यातला. गेली सहा वर्षं तोक्योत आयटीत नोकरी, निशी-कासाईला दोन मित्रांसोबत राहतो. शाळेत असताना मल्लखांब केलेला, राज्य पातळीपर्यंत. तीन वर्षांपासून दर रविवारी 'ताते'च्या क्लासला जातो (ताते म्हणजे जपानी सिनेमा-नाटकासाठी बसवलेली तलवारीची मारामारी). सप्टेंबर २०२४ मध्ये जपानी नट सानादा हिरोयुकींना 'शोगुन' या मालिकेसाठी एमी (टीव्हीचा मोठा अमेरिकन पुरस्कार) मिळालेलं लाईव्ह बघितलं आणि तेव्हापासून चैन नाही. एकदा वाटतं, त्यांना ६३ व्या वर्षी मिळालं तर आपल्याला अजून भरपूर वेळ आहे. आणि एकदा वाटतं, ते पाच वर्षांचे असताना कॅमेऱ्यासमोर होते, आपण संपलोच. आता एका छोट्या स्टंट टीमने दोन वर्षं पूर्णवेळ शिकायला ये म्हटलंय, पगार नाही. गावच्या घराच्या लोनचा हप्ता हाच भरतो. आईबाबा मुली बघतायत, क्लासबद्दल त्यांना काहीच माहीत नाही. विचारतोय, "ताई, राजीनामा देऊ का? वय गेलंय का? आणि परदेशी माणसाला तिथे कायम मरणाऱ्याचाच रोल मिळणार असेल तर एवढं करून काय उपयोग?"

अरे मित्रा,

तुझं पत्र दोनदा वाचलं, आणि दुसऱ्यांदा वाचताना ते रविवारचं वर्णन आहे ना, की क्लास संपल्यावर लाकडी फरशी पुसताना तुला सगळ्यात शांत वाटतं, तिथे थांबले. बाकी पत्रभर तू सानादांबद्दल, वयाबद्दल, बाबांबद्दल लिहिलंयस पण स्वतःच्या अंगाला काय वाटतं हे त्या एकाच ओळीत आलंय, त्यामुळे मी तिथूनच उत्तर देणार आहे, फक्त आधी ते वयाचं गणित जरा सोडवू कारण मला वाटतं ते तू दोन्ही बाजूंनी चुकीचं मांडलंयस.

सानादांना ६३ व्या वर्षी "मिळालं" असं तू म्हणतोस. एमी मिळालं, हो, पण तो माणूस विशीत जपानमध्ये स्टार होता रे. १९८० मध्ये निन्जाच्या पिक्चरमध्ये हिरो, त्याआधी १९७८ पासूनच मोठमोठ्या पिक्चरांत दिसायला लागलेला, ८२ साली हाँगकाँगच्या लोकांबरोबर मारामारीचा पिक्चर केलेला. म्हणजे "उशिरा फळ मिळालं, धीर धर" या गोष्टीत त्यांना बसवता येत नाही. आणि "पाच वर्षांचे असताना सुरुवात केली म्हणून जमलं" हेही पूर्ण खरं नाही, कारण पाचव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली पोरं पुष्कळ असतात. ते वेगळे कुठे पडले माहितेय? एक गोष्ट जोरात चालू असतानाच ते पुढची शिकत राहिले.

बघ ना, चिबा शिनिचींनी, ज्यांना जग सनी चिबा म्हणून ओळखतं, १९७० मध्ये जपान ॲक्शन क्लब काढला, जेएसी, कारण त्यांना वाटायचं की जपानी पिक्चरमधल्या मारामारीचा दर्जा वाढवायचा तर ॲक्शन करणारी माणसं शिकवून तयार करावी लागतील. सानादा तिथे शाळकरी वयात गेले. उड्या, घोडा, तलवार सगळं तिथलं. पण पुढे पंचविशीच्या आतच, १९८४ मध्ये, त्यांनी माजोंग खेळणाऱ्या जुगाऱ्यांवरचा एक पिक्चर केला ज्यात उड्याबिड्या काही नाहीत, टेबलाशी बसून डोळ्यांनी करायचं काम. नंतर जेएसीतून बाहेर पडले. १९९९ मध्ये इंग्लंडच्या रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या 'किंग लिअर'मध्ये विदूषक, दिग्दर्शक निनागावा युकिओ जपानी, पण नटसंचात जपानी हे एकटे आणि सगळं इंग्रजीत, शेक्सपिअरच्या इंग्रजीत. चाळिशीला टेकलेला, घरी नाव कमावलेला माणूस परक्या भाषेत विदूषक करायला जातो. त्यासाठी २००२ मध्ये ब्रिटिश सरकारने मानद एमबीई हा किताब दिला. आणि त्याच वर्षी दिग्दर्शक यामादा योजींचा 'द ट्वायलाइट सामुराई' आला.

तो तू पाहिलाच असशील, नसेल तर याच आठवड्यात बघ. सेइबेई नावाचा गरीब सामुराई, कोठारात हिशेब लिहिणारा कारकून, बायको गेलेली, दोन लहान मुली, विसरभोळी झालेली म्हातारी आई. सोबतचे लोक ऑफिस सुटल्यावर प्यायला बोलावतात आणि हा रोज थेट घरी. ॲक्शन हिरो म्हणून वाढलेल्या नटाच्या आयुष्यातला मला सगळ्यात मोठा वाटणारा रोल हा असा, वेळेवर घरी जाणाऱ्या कारकुनाचा आहे, आणि शेवटी अंधाऱ्या घरात जी एक झुंज होते ना ती इतकी खरी वाटते ती त्या कारकुनामुळेच, कारण तोपर्यंत आपल्याला कळलेलं असतं की हा मेला तर त्या दोन पोरींचं काय. हे मी मुद्दाम सांगतेय. तुझ्या पत्रात "नोकरीत सहा वर्षं वाया घालवली" असं वाक्य आहे. मला ते पटत नाही. लोनचा हप्ता भरणारा, शेवटच्या लोकलने घरी येणारा, आईला फोनवर "जेवलो" म्हणून सांगणारा माणूस कसा चालतो कसा बसतो हे तुला आतून माहितेय, आणि नटाला ते कुठून तरी आणावंच लागतं.

आता शरीराचं बोलू, कारण तिथे मी तुला गोड बोलून काही लपवणार नाही. ॲक्शनमध्ये वय लागतंच. चिबा स्वतः जिम्नॅस्ट होते, ऑलिम्पिकचं स्वप्न घेऊन निप्पॉन तायइकु म्हणजे क्रीडा विद्यापीठात गेलेले आणि पाठीच्या दुखापतीने ते स्वप्न विशीच्या उंबरठ्यावरच संपलं. मग तोएई या पिक्चर कंपनीच्या नवीन चेहऱ्यांच्या निवडीतून पिक्चरमध्ये आले, क्योकुशिन कराटे ओयामा मासुतात्सुंकडे शिकलेच होते, आणि १९७४ च्या 'स्ट्रीट फायटर'ने जगभर नाव झालं. म्हणजे एका दारातून शरीराने बाहेर काढलं तर दुसऱ्या दारातून तेच शरीर घेऊन ते आत आले. २९ व्या वर्षी तू उंचावरून पडणं, गाडीवरून उडणं यात विशीतल्या पोरांशी बरोबरी करायला गेलास तर मला काळजी वाटेल. पण ताते वेगळं आहे. त्यात अंतर, श्वास आणि समोरच्याच्या तलवारीचं भान लागतं आणि ते वयाबरोबर वाढतं. मल्लखांब केलेल्याला हवेत आपलं अंग कुठे आहे हे न बघता कळतं, तुला ते आलंयच. उतरताना गुडघे किती वाकवायचे हे तुला दहाव्या वर्षी कुणीतरी ओरडून ओरडून शिकवलंय, ते तुझ्याकडून कोणी काढून घेणार नाही.

आणि आता तो प्रश्न, मरणाऱ्याचा रोल. यावर मला सगळ्यात जास्त बोलायचंय.

तुमच्या क्लासमध्ये शब्द वापरत असतील, मध्ये उभा राहून सगळ्यांना कापतो तो 'शिन' आणि त्याच्यावर चालून जाऊन कापले जातात ते 'कारामी'. तू लिहिलंयस की तीन वर्षांत सेन्सेईंनी (गुरूंनी) तुला दोनदाच शिन केलं. मग फुकुमोतो सेइझोंबद्दल ऐक. १९४३ चा जन्म, ह्योगो प्रांतातले, पंधराव्या वर्षी क्योतोच्या उझुमासाला तोएईच्या स्टुडिओत आले आणि मोठ्या खोलीतले, ओबेया म्हणतात त्या, नाव नसलेल्या नटांत सामील झाले. त्यांचं काम मरायचं. किरारेयाकु, कापला जाणारा. पन्नास हजार वेळा कापला गेलेला माणूस अशी त्यांची ओळख आहे. आणि ते कसं मरायचे, तर तलवार बसली की पाठीत कोळंबीसारखी मागे कमान करायची, एबिझोरी, आणि मग खाली, म्हणजे पडता पडता चेहरा कॅमेऱ्याला दिसायचा. किती विचार आहे बघ त्यात! हिरोचा वार किती जबरदस्त होता हे प्रेक्षकाला हिरोकडे बघून कळत नाही, पडणाऱ्याकडे बघून कळतं. चांगला कारामी नसेल तर जगातला कुठलाही शिन हवेत काठी फिरवणारा माणूस दिसेल. २००३ च्या 'द लास्ट सामुराई'मध्ये टॉम क्रूझच्या मागे मागे फिरणारा, जवळजवळ काहीच न बोलणारा तो म्हातारा पहारेकरी आठवतो? ते फुकुमोतो. सत्तरी गाठल्यावर, २०१४ मध्ये, पहिल्यांदा मुख्य भूमिका मिळाली, म्हाताऱ्या किरारेयाकुचीच, आणि त्यासाठी मॉन्ट्रियलच्या फँटेजिया फेस्टिव्हलमध्ये सर्वोत्तम नटाचं बक्षीस. २०२१ च्या १ जानेवारीला गेले.

पण त्यांची गोष्ट मी तुला "बघ शेवटी मिळतंच" म्हणून सांगत नाहीये हां. ती मुख्य भूमिका आली नसती तरी पंचावन्न वर्षं ते रोज सकाळी जाऊन मेलेच होते, आणि छान मेले होते. तुला विचारायचं ते हेच आहे, की शिन कधीच झाला नाहीस, नाव कधीच वर आलं नाही, तरी तो दिवस तुला हवाय का? सकाळी लवकर उठणं, थंडीत किमोनो, तासन्‌तास वाट बघणं, एकदा पडणं, पुन्हा पडणं, संध्याकाळी मुका मार घेऊन घरी येणं. फरशी पुसतानाच्या त्या ओळीवरून मला वाटतं कदाचित हवा असेल. पण पत्रातल्या बाकी ओळींत तुला एमीच्या स्टेजवरचा तो क्षण हवाय असं दिसतं. दोन्ही हवंसं वाटण्यात काहीच गैर नाही, फक्त राजीनामा कशासाठी देतोयस ते स्वतःला तरी स्पष्ट असू दे.

बरं, तुझ्या सानादांचंच बघ. 'लास्ट सामुराई'त मरतात. 'सनशाइन'मध्ये मरतात. 'वुल्व्हरीन'मध्ये मरतात, 'ॲव्हेंजर्स एंडगेम'मध्ये तोक्योच्या पावसात रस्त्यावर मरतात, 'जॉन विक ४'मध्येही मरतात. अमेरिकेत परदेशी नट म्हणून त्यांना वर्षानुवर्षं हेच मिळालं, आणि प्रत्येक वेळी त्यांनी त्या मरणाऱ्या माणसाला आब दिला. नुसतं तेवढंच नाही, 'लास्ट सामुराई'चं शूटिंग संपल्यावरही जपानी गोष्टी बरोबर दिसतायत ना हे बघायला ते लॉस एंजेलिसला थांबले होते. हेच काम करत करत 'शोगुन'ला ते नटाबरोबर निर्मातेही झाले, जपानहून विग, कपडे, हालचाली बसवणारी जाणकार माणसं आणली, आणि अमेरिकन मालिका असून बहुतेक संवाद जपानीत. पहिल्या सीझनला १८ एमी मिळाले ते त्या सगळ्याचे.

आणि परदेशी म्हणून काय होतं याचं याहून जवळचं उदाहरण हवं असेल तर कुराता यासुआकी. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला हा जपानी कराटेवाला हाँगकाँगला गेला, आणि तिथे जपानी माणसाला रोल कुठला, तर दुष्ट जपान्याचा. किती पिक्चरांत मार खाल्ला असेल. पण १९९४ मध्ये जेट लीबरोबर 'फिस्ट ऑफ लेजंड' केला तेव्हा ते जपानीच होते, मात्र या वेळी एक थोर शिक्षक, आणि त्या दोघांची झुंज लढाईपेक्षा आदर जास्त असलेली. मध्ये वीसेक वर्षं गेली होती. त्यांच्या कुराता ॲक्शन क्लबात शिकलेले तानिगाकी केन्जी ९३ साली हाँगकाँगला गेले, परके, भाषा येत नाही, तिथल्या स्टंटवाल्यांत राहून कँटोनीज शिकले, तिथला ॲक्शन स्टार डॉनी येन याच्या टीममध्ये शिरले आणि आज ॲक्शन डायरेक्टर आहेत, 'रुरोउनी केन्शिन'च्या पिक्चरांमधली ती वेगवान तलवारबाजी त्यांची. म्हणजे पडद्यावर तुझा चेहरा भारतीय आहे हे बदलणार नाही, जुन्या काळातल्या जपानी गोष्टीत भारतीय चेहऱ्याला जागा कमीच, आणि तशा मालिकाच कमी झाल्यात, 'मितो कोमोन' ४२ वर्षं चालून २०११ मध्ये बंद झाली त्यानंतर उझुमासातलं काम पूर्वीसारखं राहिलं नाही. पण मास्कच्या आत, कॅमेऱ्याच्या मागे, मारामारी बसवण्यात चेहऱ्याचा प्रश्न येत नाही. कामेन रायडरसारख्या मुखवटेधारी हिरोच्या मालिकांतला तो रायडर म्हणजे आत घामाने निथळणारा सूट ॲक्टर असतो, लोक त्याचा चेहरा बघतच नाहीत, पण चाल ओळखतात.

आता हातात काय करायचं ते.

राजीनामा लगेच देऊ नकोस. आधी व्हिसा. तुझा व्हिसा ऑफिसच्या कामासाठीचा आहे, त्यावर पैसे घेऊन अभिनय किंवा स्टंट केलेस तर इमिग्रेशनची वेगळी परवानगी लागते, आणि नोकरी सोडून बिनपगारी ट्रेनी झालास तर तो व्हिसाच अडचणीत येतो. टीमवाल्यांनी "बघू नंतर" म्हटलं असेल तर ते त्यांच्या भरवशावर सोडू नकोस, व्हिसाची कामं करणाऱ्या एखाद्या ग्योसेइशोशीला पैसे देऊन तासभर भेट. कायमचं वास्तव्य मिळालं की कुठलंही काम करायची मोकळीक मिळते. त्याला साधारण दहा वर्षं राहावं लागतं, तुझी सहा झालीत, पण तुझं शिक्षण, पगार, वय, जपानी भाषा यावर पॉइंट धरतात आणि ७० पॉइंट असतील तर तीन वर्षांत, ८० असतील तर एका वर्षात अर्ज करता येतो. आयटीतल्या कित्येकांचे ते पॉइंट भरतात आणि त्यांनी कधी मोजलेलेच नसतात! नियम बदलत राहतात म्हणून आत्ताचे तपास, पण मोजून बघ. हे एकच काम केलंस तरी तुझा अर्धा प्रश्न सुटेल असं मला वाटतं, कारण मग "आत्ता नाही तर कधीच नाही" हे राहणारच नाही.

दुसरं, विमा. त्या टीमला सरळ विचार की कुणाला लागलं तर दवाखान्याचा खर्च आणि बुडालेले दिवस कोण बघतं. एप्रिल २०२१ पासून जपानमध्ये नट, स्टंटवाले अशा स्वतंत्र काम करणाऱ्यांनाही रोसाई म्हणजे कामावरच्या अपघाताच्या विम्यात स्वतःहून सामील होता येतं. हा प्रश्न विचारल्यावर जी टीम नाराज होते तिथे जाऊ नकोस. आणि पाच वर्षांपूर्वी जे ट्रेनी होते ते आज काय करतात हेही विचार, त्यांच्यापैकी दोघा-तिघांना टीमच्या बाहेर एकटं गाठून चहा पाज. कुणाला पाठीचा त्रास आहे, कुणाचं पोट दुसऱ्या कामावर चालतं, कोण आजही आनंदात आहे, सगळं कळेल.

मग एप्रिल-मेची गोल्डन वीक आणि ऑगस्टची ओबोनची सुट्टी, दोन्हीला घरी येऊ नकोस या वर्षी. त्या टीमबरोबर सकाळपासून रात्रीपर्यंत ट्रेनी म्हणून राहा. पहिल्या दिवशी मजा येईल, सहाव्या दिवशी अंग ठणकत असताना उठवतंय का बघ.

शनिवार तुझा रिकामा असतो असं लिहिलंयस. तिथे मारामारीचे व्हिडिओ शूट करून जोडायला शिक. जपानी ॲक्शन टीम खऱ्या शूटिंगच्या आधी सगळी मारामारी साध्या कॅमेऱ्यावर करून, कापून-जोडून दाखवतात, व्ही-कॉन म्हणतात त्याला. तुला कॉम्प्युटर येतो, तलवार येते, आणि कुठल्या वाराला कॅमेरा कुठे हवा हे हळूहळू येईल. गेमसाठी मोशन कॅप्चर (माणसाच्या हालचाली टिपून गेममध्ये घालणं) करणाऱ्यांनाही असं दोन्हीकडचं कळणारा माणूस लागतो. हे मी तुला मन रमवायला सांगत नाहीये, चाळिशीनंतर या धंद्यात टिकलेली माणसं पडण्याशिवाय आणखी काहीतरी येणारी होती म्हणून सांगतेय. आणि जपानी भाषा सुधार, ऑफिसात चालते ती वेगळी, संवाद म्हणायला लागते ती वेगळी.

लोनचं म्हणशील तर कमीत कमी अठरा महिन्यांचे हप्ते आणि तुझा खर्च बाजूला पडल्याशिवाय नोकरीला हात लावू नकोस. हा आकडा माझा अंदाज आहे, तुझा कमी-जास्त असेल, पण आकडा कागदावर असू दे. हे पत्र वाचणाऱ्या, गाणं-नाटक-खेळ यासाठी नोकरी सोडायच्या विचारात असलेल्या बाकीच्यांनाही तेच सांगेन.

राहिले आईबाबा. तू लिहिलंस की त्यांना कळलं तर "हे काय खूळ" म्हणतील. अरे पण तुला मल्लखांबाला पहाटे सायकलवरून सोडायला कोण यायचं ते तूच पत्रात लिहिलंयस ना? बाबाच. चार वर्षं यायचे. त्या माणसाला तू अंगाने काय करू शकतोस ते ठाऊक आहे, फक्त मधली तीन वर्षं तू त्यांना काही दाखवलंच नाहीस आणि तिकडे ते मुली बघतायत. जिच्याशी बोलणी होतील त्या मुलीलाही हे आधी कळायला हवं, नंतर नाही. त्यामुळे राजीनाम्याचं काही बोलू नकोस, अजून तसं काही ठरलेलंच नाही. येत्या रविवारी क्लासमधल्या कुणालातरी फोन धरायला सांग, तू कापला जातोयस असाच एखादा प्रसंग, पूर्ण, पडेपर्यंत, आणि तो बाबांना पाठव. आईला आधी सांगून ठेव की खोटं आहे, नाहीतर ती घाबरेल. मग संध्याकाळी फोन कर.